स्कागेन: विसर्जित झालेल्या एका डॅनिश नगरपालिकेबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

डेन्मार्कच्या उत्तर टोकावरच्या स्कागेनबद्दल मी अधूनमधून लिहितो आणि त्यावर वाचकांचे प्रश्न येत राहतात. बरेचसे प्रश्न पुन्हापुन्हा तेच असतात, म्हणून ते एकत्र केले आहेत. सोपे प्रश्न आधी आहेत, पेचाचे शेवटी. एकाच गोष्टीची दोनदा उत्तरं होऊ नयेत म्हणून मध्येमध्ये दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. हे स्कागेन नेमकं कुठे आहे? आणि नावाचा उच्चार काय?

डेन्मार्कचा नकाशा काढा. जर्मनीतून वर गेलेला लांबट भूभाग म्हणजे जटलंड. वर जाता जाता तो निमुळता होतो आणि शेवटी वाळूचा एक दांडा समुद्रात शिरतो. त्या दांड्याचं नाव ग्रेनन. त्याच्या अलीकडचं गाव म्हणजे स्कागेन. पश्चिमेला स्कागेराक समुद्र, पूर्वेला कट्टेगाट. स्कागेराकला नावही या गावावरूनच मिळालं. लिहिताना आपण ‘स्कागेन’ लिहितो, पण डॅनिश माणसाच्या तोंडी मधला ‘ग’ जवळजवळ ऐकू येत नाही, ‘स्केएन’सारखं काहीतरी ऐकू येतं. इथे रुळलेलं रूपच वापरलं आहे.

२. स्कागेनची नगरपालिका कधी आणि का बंद झाली?

३१ डिसेंबर २००६ हा तिचा शेवटचा दिवस. १ जानेवारी २००७ पासून स्कागेन, फ्रेडरिक्सहावन आणि सेबी या तिन्ही नगरपालिका मिळून एकच झाली. तिला नाव मिळालं फ्रेडरिक्सहावनचं आणि मुख्य कचेरीही तिथेच गेली.

स्कागेनचं दिवाळं निघालं होतं किंवा गाव ओस पडलं होतं, असं काही नव्हतं. त्या दिवशी देशभर बदल झाला. २७१ नगरपालिकांच्या ९८ झाल्या आणि जिल्ह्यांच्या जागी पाच प्रदेश आले. नव्या नगरपालिकेत निदान २०,००० लोक असावेत, अशी सरकारची अपेक्षा होती. स्कागेन नगरपालिकेची लोकसंख्या साडेअकरा हजारांच्या आसपास होती, तेव्हा शेजाऱ्यांशी हातमिळवणी करणं भागच होतं. नव्या नगरपालिकांसाठी मतदान १५ नोव्हेंबर २००५ लाच झालं होतं आणि निवडून आलेल्यांनी २००६ हे वर्ष विलीनीकरणाच्या तयारीत घालवलं. (लहान असूनही कोण वाचलं, ते प्रश्न १७ मध्ये आहे.)

३. म्हणजे आपल्याकडे गावं महापालिकेत घेतात, तसंच ना?

थोडंफार तसंच, पण एक मोठा फरक आहे. आपल्याकडे गावाला ग्रामपंचायत आणि शहराला नगरपालिका. डेन्मार्कमध्ये १९७० पासून असा भेद नाही. ‘कोमुने’ हा एकच प्रकार आहे आणि त्यात शहर, खेडी, शेती, जंगल, पुळण सगळं येतं. मी सोयीसाठी ‘नगरपालिका’ म्हणतो, पण स्कागेन नगरपालिकेत स्कागेन गावाबरोबर हुल्सी, ओल्बेक, कांडेस्टेडर्ने ही ठिकाणंही होती.

दुसरं म्हणजे, कोमुनेच्या हातात आपल्या नगरपालिकेपेक्षा कितीतरी जास्त असतं. शाळा, पाळणाघरं, म्हाताऱ्यांची देखभाल, वाचनालयं, समाजकल्याण ही सगळी तिची कामं. शिवाय लोकांच्या उत्पन्नावरच्या कराचा एक हिस्सा तीच ठरवते. त्यामुळे कोमुने विलीन होते तेव्हा आजीला घरी मदतीला कोण येणार आणि पोराची शाळा चालू राहणार की नाही, हे निर्णय चाळीस किलोमीटर लांब जातात. लोक का हळवे होतात, ते यावरून कळावं.

४. ही नगरपालिका किती जुनी होती? कुठे १४१३ लिहिलेलं असतं, कुठे १९७०.

दोन्ही बरोबर आहे, पण ती दोन वेगवेगळ्या गोष्टींची सालं आहेत.

१४१३ मध्ये राजा एरिक (पोमेरेनियाचा एरिक) याने स्कागेनला व्यापारी नगराची सनद दिली. अशा नगराला डॅनिश भाषेत ‘कोबस्टेड’ म्हणतात. सनद मिळाली की गावाला व्यापार-उदिमाचे हक्क आणि स्वतःचा कारभार मिळत असे, आसपासच्या खेड्यांना ते नसे.

१ एप्रिल १९७० रोजी देशभर पहिली मोठी फेररचना झाली. हजाराहून अधिक पालिकांच्या पावणेतीनशेच्या आसपास झाल्या आणि कोबस्टेडचा कायदेशीर वेगळेपणा संपला. आज आपण ज्या नगरपालिकेला ‘विसर्जित’ म्हणतो, ती हीच १९७० ते २००६ ची, जेमतेम ३७ वर्षांची. २००७ साली ‘सहाशे वर्षांची नगरपालिका संपली’ असं म्हणणं म्हणूनच चूक आहे. सनदेचं वेगळेपण त्याच्या कितीतरी आधी गेलं होतं. तरी स्कागेनकर १४१३ विसरत नाहीत आणि मला ते पटतं.

५. मग ‘स्कागेन’ हे नाव कागदावरून पुसलं गेलं का?

नाही. गाव तिथेच आहे, पत्त्यात स्कागेनच लिहितात आणि टपालाचा क्रमांक ९९९० तसाच आहे. गेला तो नगरपालिकेचा क्रमांक ८४१. उत्तर जटलंड जिल्ह्यात हे क्रमांक नावांच्या वर्णानुक्रमाने, एकेक विषम आकडा घेऊन दिले होते: फ्रेडरिक्सहावन ८१३, स्कागेन ८४१, सेबी ८४७. विलीनीकरणानंतर ८१३ तेवढा उरला.

६. वाळूत गाडलेल्या चर्चची गोष्ट खरी आहे का?

अगदी खरी, आणि मला सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच आहे.

संत लॉरेन्स यांच्या नावाचं हे चर्च चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात बांधलं गेलं. लांबी सुमारे ४५ मीटर, म्हणजे त्या भागातल्या मोठ्या चर्चपैकी एक. खलाशी आणि मासळीचे व्यापारी यांच्या पैशावर गाव चाललं होतं, त्याची ही खूण. मग वाळू सरकत आली. अठराव्या शतकाच्या शेवटी शेवटी तर अशी वेळ आली की प्रार्थनेला जायचं म्हणजे आधी फावडी घेऊन दार मोकळं करायचं. रविवारचे कपडे घालून आलेली माणसं वाळू उपसताहेत असं चित्र डोळ्यांपुढे आणा. वीसेक वर्षं लोकांनी हे केलं. शेवटी १७९५ मध्ये राजाज्ञेने चर्च बंद झालं आणि १८१० मध्ये मुख्य इमारत पाडण्यात आली.

मनोरा मात्र ठेवला. त्याचं कारण धार्मिक नव्हतं: समुद्रावरून येणाऱ्या जहाजांना तो खूण म्हणून उपयोगी होता. आज झुडपांतून पायवाटेने गेलं की तो पांढरा मनोरा एकटाच समोर येतो. चर्चची जमीन कितीतरी खाली राहिली आहे, त्यामुळे मनोऱ्याचाही खालचा भाग वाळूच्या पोटात आहे. पांढऱ्या भिंतीवर हात ठेवून मी बराच वेळ उभा होतो. आपण उभे आहोत तिथे एके काळी माणसाच्या डोक्यावरून हवा वाहत होती, हे पचायला वेळ लागतो.

गावाला नवं चर्च मिळालं ते १८४१ मध्ये, वास्तुविशारद सी. एफ. हान्सन यांच्या आराखड्यावरून.

७. एवढी वाळू आली कुठून?

समुद्राने किनाऱ्यावर टाकलेली वाळू पश्चिमेच्या वाऱ्याने आत येते, हे तर तिथे नेहमीचंच. तिला धरून ठेवतं ते किनाऱ्यावरचं कणखर, लांब मुळांचं गवत. लोकांनी ते जनावरांना चारलं, छपराला आणि जळणाला कापलं, झाडंही तोडली. गवत गेलं आणि वाळू सुटली. राजाने गवत कापायला १५३९ मध्येच बंदी घातली होती, पण जळणाला दुसरं काही नसलेल्या माणसाला बंदी कितपत थोपवणार? १७९२ मध्ये वाळू आवरण्यासाठी देशव्यापी कायदा आला. पुढे एकोणिसाव्या शतकात गवताची आणि बुटक्या पाइनची लागवड नेटाने झाली. आज स्कागेनला जाताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंना जे जंगल दिसतं, ते माणसांनी लावलेलं आहे.

८. रोब्येर मिले म्हणजे काय? ती टेकडी खरंच चालते?

चालते. वर्षाला साधारण १५ ते १८ मीटर, ईशान्येकडे. सुमारे एक चौरस किलोमीटर पसरलेली, ४० मीटरांपर्यंत उंच आणि एकही झाड नसलेली ही वाळूची टेकडी तीनशेहून अधिक वर्षांपूर्वी पश्चिम किनाऱ्यावर तयार झाली. बाकी सगळीकडे वाळू बांधून टाकल्यावर ही एक मुद्दाम मोकळी ठेवली, पुढच्या पिढ्यांना वाळूचा कारभार कसा होता ते दिसावं म्हणून. शंभर-दोनशे वर्षांत ती स्कागेनच्या मुख्य रस्त्यापर्यंत पोचेल असा अंदाज आहे. तेव्हा काय करायचं, ते तेव्हाच्या लोकांना ठरवावं लागेल.

९. एका लहानशा गावात इतकी दीपगृहं कशाला?

कारण बाल्टिक समुद्रात जायचं किंवा तिथून बाहेर यायचं तर जवळजवळ प्रत्येक जहाजाला हे टोक ओलांडावं लागे आणि टोकाशी पाण्याखाली वाळूचा लांब दांडा दडलेला होता. त्यात राजाचाही पैसा गुंतला होता. कोपनहेगनच्या उत्तरेला एल्सिनोरच्या सामुद्रधुनीत जाणाऱ्या जहाजांकडून जकात घेतली जाई (ती १८५७ मध्ये बंद झाली). जहाज बुडलं की जकातही बुडाली. म्हणून १५६० च्या सुमारास राजा फ्रेडरिक दुसरा याने या जलमार्गावर दिवे लावण्याचा हुकूम काढला आणि स्कागेन त्यात होतं.

१६२७ मध्ये इथे एक नामी युक्ती उभी राहिली: विप्पेफ्यूर, म्हणजे झुलता दिवा. आपल्याकडे विहिरीवर ओकती असते ना, आडवा दांडा, एका टोकाला बादली, दुसऱ्या टोकाला वजन? तशीच रचना. बादलीच्या जागी लोखंडी टोपली आणि टोपलीत पेटलेला दगडी कोळसा. दांडा खाली ओढायचा, कोळसा भरायचा, पुन्हा वर सोडायचा. वादळी रात्री हे करणाऱ्या माणसाचा विचार करा. त्याची प्रतिकृती आज किनाऱ्यावर उभी आहे.

१७४७ मध्ये फिलिप द लांगे यांनी पांढरं दीपगृह बांधलं. विटांनी बांधलेलं देशातलं ते पहिलं, २१ मीटर उंच. १८५८ मध्ये करड्या रंगाचं, ४६ मीटरांचं आलं. त्यात आता पक्ष्यांच्या स्थलांतराची माहिती देणारं केंद्र आहे. वसंतात हजारो पक्षी याच टोकावरून समुद्र ओलांडायला झेपावतात.

१०. मासेमारीचं गाव म्हणता, पण बंदर तर १९०७ चं आहे. त्याआधी होड्या कुठे लावायचे?

पुळणीवर. भरतीचं उधाण असो की थंडीने बधिर झालेले हात, होडी लाटांतून ढकलायची आणि परत आल्यावर माणसांनीच वर ओढून घ्यायची. कोकणातल्या कोळ्यांना हे वेगळं सांगायला नको. होडी मोठी असून चालत नसे, म्हणून फार आतही जाता येत नसे आणि वारा फिरला की काम बंद.

याच माणसांना दुसऱ्यांची जहाजं वाचवायलाही जावं लागे. २७ डिसेंबर १८६२ रोजी ‘डाफ्ने’ हे स्वीडिश जहाज वादळात अडकलं. त्याच्या मदतीला गेलेले स्कागेनचे आठ जण बुडाले. एका छोट्या गावातली आठ घरं, नाताळ होऊन दोनच दिवस झालेले. चित्रकारांनी पुढे ज्या बलदंड, गंभीर कोळ्यांना रंगवलं, त्यांच्या डोळ्यांतली ती स्थिरता इथली आहे असं मला वाटतं.

११. बंदरामुळे काय बदललं?

जवळजवळ सगळं. १९०४ मध्ये काम सुरू झालं आणि २० नोव्हेंबर १९०७ रोजी बंदराचं उद्घाटन झालं. आता मोठ्या नौका ठेवता येऊ लागल्या, मासळी साठवायला गोदामं आली. थोरवाल्ड बिंदेसबॉल यांनी आखलेली ती लाल लाकडी गोदामं आजही धक्क्यावर आहेत. त्यात आता लोक ताजी मासळी खायला बसतात. पुढे नौका बांधण्याचे कारखाने, हेरिंगवर प्रक्रिया, मासळीचं कूट आणि तेल हे धंदे वाढले. स्कागेन आज डेन्मार्कमधलं सगळ्यात मोठं मासेमारी बंदर आहे. नगरपालिका गेली, पण या गोष्टीला धक्का लागला नाही.

१२. ‘स्कागेनचे चित्रकार’ कोण? ते इथलेच होते का?

बहुतेक सगळे बाहेरचे. मिकेल आंकर १८७४ मध्ये आले, पी. एस. क्रॉयर १८८२ मध्ये. नॉर्वेचे क्रिस्तियन क्रोग, स्वीडनचे ओस्कर ब्यॉर्क, कवी-चित्रकार होल्गर द्राखमन हेही होते. तीन बाजूंनी पाणी आणि खाली पांढरी वाळू, त्यामुळे उन्हाळ्याच्या संध्याकाळी आकाश आणि समुद्र एकाच निळ्या रंगात विरघळतात. क्रॉयर यांचं दक्षिण किनाऱ्यावरच्या संध्याकाळचं १८९३ चं चित्र पाहिलंत की बोलणं संपतं: पाठमोऱ्या दोन बायका, हातात हात घातल्यासारख्या, आणि पुढे निघून गेलेला किनारा. मंडळींचा अड्डा ब्रॉन्डम यांच्या खानावळीत. १९०८ मध्ये चित्रसंग्रहालय स्थापन झालं तेही त्या खानावळीच्या जेवणघरात. १९२८ मध्ये त्याला उल्रिक प्लेसनर यांनी आखलेली स्वतंत्र इमारत मिळाली. द्राखमन यांना तर त्यांच्या इच्छेप्रमाणे १९०८ मध्ये ग्रेननच्या वाळूतच पुरलं.

१३. त्यांत गावचं कुणीच नव्हतं?

एक होती, आणि माझ्या मते सगळ्यांत सरस तीच. अ‍ॅना, त्या खानावळवाल्या ब्रॉन्डमांची लेक, जन्म १८ ऑगस्ट १८५९. कथाकार हान्स क्रिस्तियन अँडरसन नेमके त्याच सुमारास त्यांच्याकडे उतरले होते. कोपनहेगनच्या शाही कला अकादमीची दारं तेव्हा बायकांना बंद होती (ती १८८८ मध्ये उघडली), म्हणून ती खासगी वर्गात शिकली. १८८० मध्ये मिकेल आंकर यांच्याशी लग्न झालं.

बाकीचे समुद्राकडे तोंड करून बसत, अ‍ॅना घरात पाहत असे. खिडकीतून भिंतीवर पडलेला उन्हाचा चौकोन, शिवण करणारी मुलगी, स्वयंपाकघरात पाठमोरी उभी असलेली बाई. तिच्या चित्रातलं ऊन हाताला लागेल असं वाटतं. ती १९३५ मध्ये गेली. लेक हेल्गा हिच्या पश्चात राहतं घर १९६७ पासून संग्रहालय म्हणून खुलं झालं. १९९८ मध्ये निघालेल्या हजार क्रोनरच्या नोटेवर अ‍ॅना आणि मिकेल दोघंही होते.

१४. रेल्वे कधी आली?

२४ जुलै १८९० रोजी फ्रेडरिक्सहावनहून, आधी मीटरगेज आणि १९२४ पासून रुंद रुळांवर. तोवर तिथे जायचं म्हणजे पुळणीवरून आणि वाळूतून गाडी हाकायची. रेल्वेमागोमाग उन्हाळी पाहुणे आले. राजा क्रिस्तियन दहावा यानेसुद्धा १९१४ मध्ये इथे घर बांधलं. ते आता कलावंत आणि संशोधकांना काही दिवस राहून काम करायला मिळतं.

१५. ग्रेननला दोन समुद्र भेटतात पण मिसळत नाहीत, असा व्हिडिओ फिरतो. खरं आहे का?

मिसळतात. टोकावर दोन दिशांनी आलेल्या लाटा एकमेकींवर आपटतात आणि पाण्यात फेसाळ रेघ दिसते, एवढं खरं. बाल्टिकमधून येणारं पाणी कमी खारट असतं म्हणून काही वेळा रंगातही फरक जाणवतो. पण मध्ये भिंत वगैरे काही नाही, खाली पाणी एकमेकांत जातच असतं. मोबाइलवर फिरणारा तो दोन रंगांच्या पाण्याचा फोटो बहुतेक वेळा अलास्काच्या आखातातला असतो. दोन समुद्रांत एकेक पाय ठेवून फोटो जरूर काढा, पण पोहायला उतरू नका. प्रवाह जबरदस्त आहेत आणि तिथे पोहायला बंदीच आहे.

१६. मराठी माणसाचा स्कागेनशी काही ऐतिहासिक संबंध आहे का?

थेट नाही, पण एक धागा आहे. डॅनिशांनी १६२० मध्ये तंजावरच्या रघुनाथ नायकाशी करार करून तमिळनाडूच्या किनाऱ्यावरची तरंगमबाडी मिळवली. कोपनहेगनहून निघालेल्या त्यांच्या जहाजांना मोकळ्या समुद्रात जायला स्कागेनचं टोक ओलांडूनच जावं लागे आणि परतताना याच टोकावरचे दिवे (प्रश्न ९) पाहत ती घराकडे वळत. पुढे १६७० च्या दशकात तंजावर व्यंकोजी भोसल्यांकडे आलं आणि तरंगमबाडीचा वार्षिक खंड तंजावरच्या मराठी दरबारात भरला जाऊ लागला. १८४५ मध्ये डॅनिशांनी ती वसाहत इंग्रजांना विकली.

१७. लोकसंख्येची अट होती, मग शेजारचं लेसो बेट वेगळं कसं राहिलं?

चांगला प्रश्न. लेसोची वस्ती स्कागेनपेक्षा कितीतरी कमी, तरी ते आजही स्वतंत्र कोमुने आहे. काही बेटांना सवलत मिळाली: मोठ्या शेजाऱ्याशी करार करून अवघड कामं त्याच्यावर सोपवायची आणि आपण स्वतंत्र राहायचं. फानो, साम्सो आणि एरो ही बेटंही अशीच वेगळी राहिली. लेसोला बोटीने जोडणारं गाव म्हणजे फ्रेडरिक्सहावन.

१८. पण स्कागेनही बेटावरच आहे ना?

भूगोलाने आहे. ३ फेब्रुवारी १८२५ च्या वादळात पश्चिमेचा वाळूचा बंध फुटला, लिमफ्योर्ड या लांब खाडीचं पाणी उत्तर समुद्राला मिळालं आणि जटलंडचा सगळा वरचा भाग मुख्य भूमीपासून तुटला. पण त्यावर पूल आहेत, रेल्वे आहे आणि तिथे लाखो लोक राहतात. २००७ ची सवलत बोटीशिवाय पोचता न येणाऱ्या छोट्या बेटांचा विचार करून होती, त्यामुळे स्कागेनला ती लागू झाली नाही.

१९. स्कागेन नावाची घड्याळं आणि ‘टोस्ट स्कागेन’ इथलेच का?

दोन्ही नाहीत. घड्याळांची कंपनी १९८९ मध्ये एका डॅनिश जोडप्याने अमेरिकेत काढली, नाव फक्त गावाचं घेतलं. २०१२ मध्ये फॉसिल या अमेरिकन कंपनीने ती विकत घेतली. टोस्ट स्कागेन हा कोळंबीचा पदार्थ स्वीडनचा. १९५० च्या दशकात तोरे व्रेटमन यांनी तो बसवला.

२०. मला जुन्या कागदपत्रांत स्कागेन शोधायचं आहे. कुठल्या जिल्ह्याखाली पाहू?

सालावर अवलंबून आहे. १९७० पूर्वीचं असेल तर योरिंग जिल्हा. १९७० ते २००६ मधलं असेल तर उत्तर जटलंड जिल्हा. २००७ नंतरचं असेल तर उत्तर जटलंड प्रदेश आणि फ्रेडरिक्सहावन कोमुने. चर्चच्या नोंदवह्या मात्र या भानगडीत न पडता स्कागेन याच नावाने चालत आल्या आहेत, म्हणून शोध तिथूनच सुरू करा. आणि १७९५ ते १८४१ या मधल्या काळात गावाला स्वतःची चर्चची इमारत नव्हती, हे लक्षात ठेवा. त्याचं कारण प्रश्न ६ मध्ये आहे.